महाराष्ट्र विधानसभा: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

विधानसभेबद्दल बोलताना लोकांना पहिल्यांदा आठवतो तो गोंधळ. बातम्यांत तोच दिसतो, त्यामुळे त्यात लोकांचा दोष नाही. पण ही जागा मुळात सरकारला प्रश्न विचारण्यासाठी आहे, आणि तो हक्क मिळायला या सभागृहाला कित्येक दशकं लागली. पुढची उत्तरं वाचताना एवढं लक्षात असू द्या.

विधानसभा, विधान परिषद आणि विधानमंडळ यांत फरक काय?

विधानमंडळ म्हणजे राज्यपाल आणि दोन्ही सभागृहं मिळून होणारी संस्था. त्यातली विधानसभा थेट मतदारांनी निवडलेली असते, तिचे २८८ सदस्य असतात. विधान परिषदेत ७८ सदस्य आहेत. त्यांतले काही आमदारांनी निवडलेले, काही स्थानिक स्वराज्य संस्थांच्या सदस्यांनी, काही पदवीधर आणि शिक्षक मतदारांनी निवडलेले, आणि १२ राज्यपालनियुक्त. देशात आज सहाच राज्यांत दोन सभागृहं आहेत, त्यांत आपण एक.

विधानसभेला ‘कनिष्ठ सभागृह’ का म्हणतात? तिचा दर्जा कमी आहे का?

मुळीच नाही. ‘वरिष्ठ’ आणि ‘कनिष्ठ’ हे शब्द इंग्लंडच्या संसदेकडून आपल्या बोलण्यात आले, राज्यघटनेत ते नाहीत. खरं बळ विधानसभेकडे आहे. सरकार टिकतं की पडतं ते इथे ठरतं, पैशांचं विधेयक इथेच मांडता येतं, आणि दोन्ही सभागृहांचं जमलं नाही तर शेवटचा शब्द विधानसभेचा असतो. संसदेसारखी संयुक्त बैठक राज्यात होत नाही. परिषदेने एखादं साधं विधेयक फेटाळलं, किंवा तीन महिने अडवून ठेवलं, तर विधानसभा ते पुन्हा संमत करून पाठवू शकते. दुसऱ्या खेपेला परिषदेच्या हातात एक महिना असतो. तो उलटला की परिषदेचं म्हणणं काहीही असो, विधेयक दोन्ही सभागृहांनी संमत केलं असं धरलं जातं.

या सभागृहाची सुरुवात कधी झाली?

१९६० असं उत्तर बहुतेक जण देतात. राज्यापुरतं ते बरोबर आहे, पण मुळं फार मागे जातात.

१८६१च्या कायद्याने मुंबईच्या गव्हर्नरला कायदे करण्यासाठी एक कौन्सिल मिळालं. २२ जानेवारी १८६२ रोजी मुंबईच्या टाउन हॉलमध्ये त्याची पहिली बैठक झाली. सदस्य सगळे नेमलेले. जगन्नाथ शंकरशेट त्या सुरुवातीच्या सदस्यांपैकी होते. पण या कौन्सिलमध्ये सदस्याला सरकारला साधा प्रश्न विचारता येत नव्हता. समोर आलेल्या विधेयकावर बोला आणि घरी जा, इतकंच.

१८९२च्या कायद्याने प्रश्न विचारायची मुभा दिली, अंदाजपत्रकावर बोलायचीही दिली. त्यावर मत मात्र देता येईना, आणि मिळालेल्या उत्तरावर उपप्रश्नही विचारता येईना. या काळात लोकमान्य टिळक, गोपाळ कृष्ण गोखले, फिरोजशहा मेहता हे मुंबईच्या कौन्सिलमध्ये बसले. १९०१ मध्ये जमीन महसूल कायद्यातल्या दुरुस्तीला विरोध करताना मेहता आणि गोखले सहकाऱ्यांसह उठून बाहेर पडले. आज रोजच्या बातमीत येणाऱ्या ‘सभात्याग’ या शब्दामागे इतका जुना प्रसंग उभा आहे. मत देऊन काही थांबवता येत नव्हतं, तेव्हा उठून जाणं हीच त्यांच्या हातातली एकमेव ताकद होती.

१९०९ मध्ये मूळ प्रश्न विचारणाऱ्याला उपप्रश्नाचा हक्क मिळाला. १९१९च्या सुधारणांनंतर तो सगळ्या सदस्यांना मिळाला आणि निवडून आलेल्यांचं बहुमत झालं. म्हणजे प्रश्न विचारणं, उत्तर मिळवणं आणि ते पटलं नाही तर पुन्हा विचारणं, या तीन साध्या गोष्टींना मिळून जवळपास साठ वर्षं लागली.

१९२० ते १९४० या काळात कौन्सिलने खरंच काही केलं का, की ती फक्त शोभेची होती?

केलं, आणि ते विसरलं जातं याचं मला वाईट वाटतं. १९२१ मध्ये मुंबई कौन्सिलने ठराव करून स्त्रियांना मताधिकार दिला. मालमत्तेची अट होती, त्यामुळे तो मोजक्याच जणींपर्यंत पोचला, पण दार उघडलं. १९२३ मध्ये सी. के. बोले यांचा ठराव संमत झाला: सार्वजनिक पाणवठे, विहिरी, धर्मशाळा, सरकारी शाळा, दवाखाने अस्पृश्य मानल्या गेलेल्यांना खुले करावेत. महाडच्या नगरपालिकेने त्यानुसार चवदार तळं खुलं असल्याचं जाहीर केलं, पण प्रत्यक्षात पाण्याला हात लावणं शक्य नव्हतं. १९२७चा महाडचा सत्याग्रह हा सभागृहाने कागदावर दिलेला हक्क प्रत्यक्ष वापरण्यासाठी होता. सभागृह आणि रस्ता यांचं नातं समजून घ्यायचं तर माझ्या मते याहून चांगलं उदाहरण नाही.

डॉ. बाबासाहेब आंबेडकर १९२६च्या अखेरीस या कौन्सिलवर नियुक्त झाले. गिरणीत काम करणाऱ्या बायकांना बाळंतपणाची रजा आणि भत्ता मिळावा म्हणून आलेल्या विधेयकाला त्यांनी तिथे पाठिंबा दिला. १९२९ मध्ये तो मुंबई इलाख्याचा कायदा झाला, देशातला त्या प्रकारचा पहिला.

१९३५च्या कायद्याने मुंबईला दोन सभागृहं दिली. १९३७च्या निवडणुकीनंतर १७५ सदस्यांची पहिली विधानसभा बसली. बाळ गंगाधर खेर मुख्यमंत्री झाले (तेव्हा त्या पदाला पंतप्रधान म्हणत) आणि गणेश वासुदेव मावळंकर अध्यक्ष. हेच मावळंकर पुढे लोकसभेचे पहिले अध्यक्ष झाले. आंबेडकर स्वतंत्र मजूर पक्षाचे नेते म्हणून विरोधी बाकांवर होते. त्याच वर्षी त्यांनी कोकणातली खोती (शेतकऱ्यांकडून सारा वसूल करणाऱ्या खोतांची पद्धत) नष्ट करण्यासाठी विधेयक मांडलं आणि जानेवारी १९३८ मध्ये हजारो शेतकऱ्यांचा मोर्चा मुंबईच्या कौन्सिल हॉलवर आणला. विधेयक पुढे सरकलं नाही. खोती रद्द करणारा कायदा १९४९ मध्ये झाला.

सदस्यसंख्या २८८ कशी ठरली?

१९५२ मध्ये प्रौढ मताधिकाराने पहिली निवडणूक झाली तेव्हा मुंबई राज्याच्या विधानसभेत ३१५ सदस्य होते. १ नोव्हेंबर १९५६ला राज्यांची पुनर्रचना झाली. मराठवाडा हैदराबादकडून आला, विदर्भ मध्य प्रदेशकडून, सौराष्ट्र आणि कच्छही जोडले गेले, आणि कानडी जिल्हे म्हैसूर राज्यात गेले. या द्विभाषिक राज्याच्या १९५७च्या निवडणुकीत ३९६ जागा होत्या. संयुक्त महाराष्ट्र समितीने याच निवडणुकीत पश्चिम महाराष्ट्रात काँग्रेसला हादरवलं आणि विधानसभेतून मराठी राज्याची मागणी रेटली.

१ मे १९६० रोजी महाराष्ट्र झाला तेव्हा ३९६ पैकी १३२ जागा गुजरातकडे गेल्या आणि २६४ आपल्याकडे राहिल्या. १९६७ला त्या २७० झाल्या, १९७८ला २८८. तेव्हापासून आकडा तोच आहे. लोकसंख्या वाढली तरी जागा गोठवलेल्या आहेत. २००८च्या फेररचनेत मतदारसंघांच्या सीमा बदलल्या, संख्या नाही. २०२६ नंतरच्या पहिल्या जनगणनेपर्यंत ती बदलायची नाही, असं राज्यघटनेत म्हटलं आहे.

पूर्वी एक अँग्लो-इंडियन सदस्य नियुक्त होत असे, म्हणून जुन्या पुस्तकांत २८९ हा आकडा दिसतो. जानेवारी २०२० पासून ती तरतूद संपली.

निवडणूक कोण लढवू शकतं?

२५ वर्षं पूर्ण झालेला भारतीय नागरिक. २८८ पैकी २९ जागा अनुसूचित जातींसाठी आणि २५ अनुसूचित जमातींसाठी राखीव आहेत.

महिलांचं एक तृतीयांश आरक्षण लागू झालं का?

२०२३ मध्ये १०६वी घटनादुरुस्ती झाली. पण ती जनगणना आणि त्यानंतरच्या फेररचनेशी जोडलेली असल्यामुळे २०२४ची विधानसभा निवडणूक आरक्षणाशिवायच झाली. २८८च्या हिशेबाने ९६ जागा होतात. आजवरच्या कोणत्याही विधानसभेत महिलांची संख्या त्याच्या आसपासही गेलेली नाही. मृणाल गोरे यांच्यासारखी एकटी आमदार पाण्याच्या प्रश्नावर सगळं सभागृह हलवत असे. अशा ९६ जणी बसल्या तर कामकाजाचा रंगच बदलेल.

सरकार बनायला १४५ आमदार लागतात, पण ते मोजायचे कुठे?

सभागृहात. राजभवनावर नाही आणि हॉटेलातही नाही. हे तत्त्व सर्वोच्च न्यायालयाने १९९४च्या बोम्मई निकालात पक्कं केलं आणि महाराष्ट्रात ते दोनदा ठळकपणे दिसलं. नोव्हेंबर २०१९ मध्ये न्यायालयाने तातडीने बहुमत चाचणी घ्यायला सांगितलं, तेव्हा देवेंद्र फडणवीस यांनी चाचणीआधीच राजीनामा दिला. ३० नोव्हेंबरला उद्धव ठाकरे यांच्या सरकारने १६९ मतांनी विश्वासदर्शक ठराव जिंकला. २०२२ मध्ये ठाकरे यांनीही चाचणीच्या आदल्या रात्री पद सोडलं आणि ४ जुलैला एकनाथ शिंदे यांच्या सरकारने १६४ विरुद्ध ९९ असा ठराव जिंकला.

१४५ हा आकडा पूर्ण सभागृहाचा आहे, हे लक्षात घ्या. ठराव जिंकायला हजर राहून मत देणाऱ्यांचं बहुमत पुरतं. म्हणूनच तटस्थ राहणारे किंवा गैरहजर आमदार कधीकधी सरकार वाचवून जातात.

आवाजी मतदान म्हणजे काय? त्यावर वाद का होतो?

अध्यक्ष ठराव मताला टाकतात, बाजूचे ‘होय’ म्हणतात, विरोधातले ‘नाही’. अध्यक्ष ऐकून कौल देतात. रोजच्या कामात हे सोयीचं आहे. पण कोणाही सदस्याने मतविभागणी मागितली तर मोजणी व्हायला हवी. नोव्हेंबर २०१४ मध्ये विश्वासदर्शक ठराव आवाजी मतदानाने संमत झाल्याचं जाहीर झालं आणि विरोधकांनी तीव्र आक्षेप घेतला. २०१९ आणि २०२२ला सदस्यांना उभं करून शिरगणती झाली. सरकारच्या जीवनमरणाचा प्रश्न असेल तेव्हा डोकी मोजावीत, असं माझं स्पष्ट मत आहे. त्याला एक तास जास्त लागला तरी काही बिघडत नाही.

मुख्यमंत्री विधानसभेचाच सदस्य असावा लागतो का?

नाही. कुठल्याही एका सभागृहाचा सदस्य असला तरी चालतो. नसेल तर सहा महिन्यांत व्हावं लागतं. उद्धव ठाकरे मुख्यमंत्री झाल्यावर मे २०२० मध्ये परिषदेवर निवडून आले, ते मुदत संपायच्या थोडे दिवस आधी. मंत्रिमंडळाचा आकारही बांधलेला आहे: सभागृहाच्या १५ टक्के, म्हणजे मुख्यमंत्र्यांसह ४३.

अध्यक्ष नेमकं काय करतात?

सभागृह चालवतात, कोणी बोलायचं ते ठरवतात, एखादं विधेयक धनविधेयक आहे की नाही याचा निर्वाळा देतात, आणि मतं समसमान पडली तरच स्वतःचं मत देतात. नवी विधानसभा आली की आधी एक ज्येष्ठ आमदार हंगामी अध्यक्ष होऊन सगळ्यांना शपथ देतात. २०१९ला आणि २०२४ला हे काम कालिदास कोळंबकर यांनी केलं.

सयाजी सिलम हे महाराष्ट्राचे पहिले अध्यक्ष. त्यांच्यानंतर बाळासाहेब भारदे १९६२ ते १९७२ असे दहा वर्षं या आसनावर होते. त्यांच्या काळातली भाषणं मिळाली तर जरूर वाचा. त्यांच्या मागून आलेले शेषराव वानखेडे यांचं नाव तुम्ही क्रिकेटमुळे रोज घेता. मुंबईचं मैदान बांधलं गेलं तेव्हा ते विधानसभेचे अध्यक्षही होते आणि मुंबई क्रिकेट संघटनेचेही.

फेब्रुवारी २०२१ मध्ये नाना पटोले यांनी राजीनामा दिल्यावर जवळजवळ दीड वर्ष हे पद रिकामं राहिलं आणि उपाध्यक्ष नरहरी झिरवाळ यांनी काम पाहिलं. अध्यक्षांची निवड गुप्त मतदानाने व्हायची, ती उघड करण्यासाठी सभागृहाने त्याच वर्षी नियम बदलला, त्यावरून राज्यपाल आणि सरकार यांच्यात पेच पडला. जुलै २०२२ मध्ये राहुल नार्वेकर निवडून आले.

आमदाराने पक्ष सोडला तर काय होतं?

राज्यघटनेची दहावी अनुसूची, म्हणजे पक्षांतरबंदीचा कायदा, लागू होते आणि अपात्रतेचा निर्णय अध्यक्ष देतात. १९८५च्या मूळ कायद्यात एक तृतीयांश आमदारांनी फूट पाडली तर ते वाचत. २००३च्या दुरुस्तीने ती पळवाट बंद झाली. आता दोन तृतीयांश सदस्यांनी दुसऱ्या पक्षात विलीन व्हायचं ठरवलं तरच संरक्षण आहे.

शिवसेनेतल्या फुटीवर सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने ११ मे २०२३ला निकाल दिला आणि अपात्रतेचा निर्णय वाजवी मुदतीत घ्यायला अध्यक्षांना सांगितलं. अध्यक्षांनी तो १० जानेवारी २०२४ला दिला आणि कोणालाच अपात्र ठरवलं नाही. निकाल कोणाच्या बाजूने लागला हे बाजूला ठेवलं तरी एक गोष्ट सलतेच: पाच वर्षांच्या सभागृहातली दीड वर्षं ‘हा आमदार पात्र आहे का’ या प्रश्नाखाली गेली. एका पक्षाच्या तिकिटावर निवडून आलेल्या अध्यक्षांना हा निवाडा द्यायला लावणं हीच मुळात अवघड रचना आहे.

रोजचं कामकाज कसं चालतं?

सुरुवात प्रश्नोत्तराच्या तासाने. माझ्या लेखी दिवसातला हा सर्वांत मोलाचा तास.

तारांकित प्रश्नाला मंत्री सभागृहात तोंडी उत्तर देतात आणि त्यावर उपप्रश्न विचारता येतात. अतारांकित प्रश्नाचं उत्तर लेखी मिळतं. तातडीच्या बाबीसाठी अल्पसूचना प्रश्न असतो. प्रश्नाची छापील यादी एकदा हातात घेऊन बघा, तिची एक ठरलेली भाषा आहे. ‘अमुक गावातील पाणीपुरवठा योजना रखडली आहे, हे खरे आहे काय? असल्यास, शासनाने चौकशी केली आहे काय? नसल्यास, विलंबाची कारणे काय आहेत?’ खाली उत्तर: ‘हे खरे आहे’, ‘हे अंशतः खरे आहे’, नाहीतर ‘प्रश्न उद्भवत नाही’. वाचायला कोरडं वाटतं. पण ‘विलंबाची कारणे’ हे दोन शब्द मंत्रालयातून जिल्हा कार्यालयापर्यंत आणि तिथून तालुक्यापर्यंत जातात, आणि महिनोन्‌महिने न हललेली फाइल उत्तर तयार करण्यासाठी का होईना, कोणीतरी उघडतं.

त्यानंतर लक्षवेधी सूचना. नियम १०५खाली आमदार तातडीच्या सार्वजनिक प्रश्नाकडे मंत्र्याचं लक्ष वेधतो, मंत्री निवेदन करतात, मग प्रश्नोत्तरं होतात. मतदारसंघातले विषय सर्वांत जास्त इथे येतात. नियम २९३खाली मोठ्या विषयांवर सविस्तर चर्चा होते: दुष्काळ, कायदा-सुव्यवस्था, शेतमालाचे भाव. अधिवेशन संपताना विरोधी पक्ष नियम २९२खाली अंतिम आठवडा प्रस्ताव मांडतो. शुक्रवारचा काही वेळ अशासकीय कामकाजाचा असतो. मंत्री नसलेल्या आमदारालाही तेव्हा स्वतःचं विधेयक आणता येतं.

हे सगळं चालायला गणपूर्ती लागते: एकूण सदस्यांचा दहावा हिस्सा, म्हणजे २९. रात्री उशिरापर्यंत चर्चा रंगते तेव्हा बाकं किती रिकामी असतात ते गॅलरीत बसल्यावर दिसतं. त्या वेळी बसून राहणारे, टिपणं काढणारे आमदार कोण, ते बघून ठेवा. सांगोल्याचे गणपतराव देशमुख त्यांतले होते. अकरा वेळा निवडून आले, १९६२ पासून २०१९ पर्यंत, मधल्या दोन निवडणुका सोडून. पाणी आणि शेती या विषयांवर ते उभे राहिले की दोन्ही बाजू ऐकत.

विधेयकाचा कायदा कसा होतो?

मांडणी, मग सर्वसाधारण चर्चा, मग खंडवार विचार आणि दुरुस्त्या, मग संमती. तोच प्रवास परिषदेत. त्यानंतर राज्यपालांकडे. ते संमती देतात, फेरविचारासाठी परत पाठवतात किंवा राष्ट्रपतींसाठी राखून ठेवतात. राखून ठेवलेल्या विधेयकाला कालमर्यादा नसते, त्याचा अर्थ किती लांब जाऊ शकतो पाहा: पशुसंरक्षण कायद्यातली गोवंश हत्याबंदीची दुरुस्ती १९९५ मध्ये संमत झाली आणि तिला राष्ट्रपतींची संमती २०१५ मध्ये मिळाली. वीस वर्षं.

याउलट २० फेब्रुवारी २०२४ला एका दिवसाच्या विशेष अधिवेशनात मराठा समाजाला १० टक्के आरक्षण देणारं विधेयक एकमताने संमत झालं. एकमत असलं की विधेयक चर्चेशिवाय निसटून जातं. ही सवय मला धोक्याची वाटते, विषय कितीही न्याय्य असो.

अधिवेशन चालू नसताना राज्यपाल अध्यादेश काढू शकतात. नरेंद्र दाभोलकर यांच्या खुनानंतर ऑगस्ट २०१३ मध्ये जादूटोणाविरोधी अध्यादेश निघाला. अधिवेशन भरल्यापासून सहा आठवड्यांत अध्यादेशाला सभागृहांची मान्यता लागते, नाहीतर तो विरतो. त्याच डिसेंबरात नागपूरला विधेयक संमत झालं आणि वर्षानुवर्षं अडकलेला कायदा अस्तित्वात आला.

महाराष्ट्र विधानमंडळाच्या कोणत्या कायद्याचा देशावर परिणाम झाला?

रोजगार हमी कायदा. १९७२च्या दुष्काळात योजना म्हणून सुरू झालेलं काम १९७७ मध्ये विधानमंडळाने कायद्यात आणलं आणि २६ जानेवारी १९७९ पासून ते लागू झालं. मागेल त्याला काम हा सरकारचा उपकार राहिला नाही, हक्क झाला. त्यासाठी शहरी नोकरदारांवर व्यवसाय कर बसवला गेला. २००५च्या केंद्रीय रोजगार हमी कायद्यामागे ही प्रेरणा होती.

अर्थसंकल्पात आमदारांच्या हातात काय असतं?

विभागवार मागण्यांवर चर्चा, कपात सूचना (मागणीची रक्कम कमी करावी असा प्रस्ताव) आणि मतदान. सभागृहाने विनियोजन विधेयक संमत केल्याशिवाय सरकारला तिजोरीतून रुपयाही काढता येत नाही. वर्षात खर्च वाढला तर पुरवणी मागण्या येतात. त्या दर अधिवेशनात आणि मोठ्या रकमेच्या येऊ लागल्या की समजावं, मूळ अंदाज नीट बांधला नव्हता. परिषद धनविधेयक फार तर १४ दिवस ठेवू शकते.

समित्यांबद्दल फारसं ऐकू येत नाही. त्या काय करतात?

जे सभागृहात घाईमुळे होत नाही ते. लोकलेखा समिती खर्चाचा हिशेब तपासते, तिचं अध्यक्षपद प्रथेने विरोधी पक्षाकडे असतं. अंदाज समिती, सार्वजनिक उपक्रम समिती आहे. पंचायत राज समिती जिल्ह्यात येणार म्हटलं की जिल्हा परिषदेत धावपळ सुरू होते.

मला सर्वांत जवळची वाटते ती आश्वासन समिती. मंत्री सभागृहात म्हणतात, ‘चौकशी केली जाईल’, ‘तीन महिन्यांत काम पूर्ण करू’. बातमी तिथे संपते. पण ही वाक्यं वेगळी काढून नोंदवली जातात आणि पुढे काय झालं ते ही समिती विभागाला विचारते.

गोंधळ झाला तर काय शिक्षा होते?

आधी समज, मग कामकाज तहकूब, मग निलंबन. सदस्य अध्यक्षांसमोरच्या हौद्यात उतरतात, क्वचित कोणी राजदंडाला हात घालतो. राजदंड सभागृहाच्या अधिकाराचं चिन्ह आहे, म्हणून त्याला हात लावणं गंभीर मानलं जातं.

निलंबनालाही मर्यादा आहे. ५ जुलै २०२१ला भाजपच्या १२ आमदारांना एक वर्षासाठी निलंबित केलं गेलं. २८ जानेवारी २०२२ला सर्वोच्च न्यायालयाने तो ठराव रद्द केला: निलंबन चालू अधिवेशनापलीकडे जाऊ शकत नाही. त्यामागचा विचार महत्त्वाचा आहे. आमदाराला काढूनच टाकलं तर पोटनिवडणूक होऊन मतदारांना नवा प्रतिनिधी मिळतो. वर्षभर निलंबित ठेवलं तर मतदारसंघाला कोणीच नसतं. म्हणजे शिक्षा आमदाराला कमी आणि मतदारांना जास्त.

विरोधी पक्षनेता कसा ठरतो?

विरोधातल्या सर्वांत मोठ्या पक्षाच्या नेत्याला अध्यक्ष मान्यता देतात. एक दशांश, म्हणजे २९ आमदार असावेत असा संकेत सांगितला जातो. २०२४च्या निवडणुकीत कोणत्याही विरोधी पक्षाला तेवढे मिळाले नाहीत आणि नव्या विधानसभेची सुरुवात विरोधी पक्षनेत्याविना झाली. संकेत कायद्यापेक्षा मोठा मानावा का, यावर वाद आहे. माझ्या मते सरकारचं बहुमत जितकं मोठं, तितकी या पदाची गरज जास्त.

एक अधिवेशन नागपूरला का होतं?

२८ सप्टेंबर १९५३च्या नागपूर करारामुळे. विदर्भ मराठी राज्यात येताना नागपूरने राजधानीचा मान सोडला, आणि वर्षातून ठरावीक काळ सरकार तिथे यावं, विधानमंडळाचं किमान एक अधिवेशन तिथे व्हावं असं ठरलं. १९६० पासून हिवाळी अधिवेशन तिथे भरतं. कोरोनाच्या साथीत, २०२० आणि २०२१ला, ते मुंबईत झालं.

नागपूर म्हटलं की मोर्चे आले. शिक्षक, अंगणवाडी सेविका, शेतकरी, आदिवासी सगळे तिथे येतात, कारण सरकार हाकेच्या अंतरावर असतं. २३ नोव्हेंबर १९९४ला गोवारी समाजाच्या मोर्चात चेंगराचेंगरी झाली आणि ११४ जण गेले. त्यांत बायका आणि मुलं बरीच होती. मागणी एवढीच होती की आमचं म्हणणं कोणीतरी ऐकावं. नागपुरात त्यांचं स्मारक आहे, अधिवेशनाला जाणाऱ्या प्रत्येक आमदाराने तिथे थोडं थांबावं.

मुंबईतली विधान भवनाची इमारत किती जुनी आहे?

सध्याची फारशी नाही. नरिमन पॉइंटजवळच्या विधान भवनाचं उद्घाटन १९ एप्रिल १९८१ला इंदिरा गांधींच्या हस्ते झालं. त्याआधी सभागृह रीगल सिनेमासमोरच्या जुन्या कौन्सिल हॉलमध्ये भरत असे. ती इमारत मुळात खलाशांच्या निवासासाठी बांधलेली, आज तिथे राज्य पोलिसांचं मुख्यालय आहे.

आमदारांना सभागृहाबाहेर कुठे मत असतं?

राज्यातून जाणारे राज्यसभेचे १९ खासदार विधानसभेचे आमदार निवडतात. राष्ट्रपतींच्या निवडणुकीत महाराष्ट्राच्या एका आमदाराच्या मताचं मूल्य १७५ आहे. ते आजही १९७१च्या लोकसंख्येवरून काढलं जातं.

माझ्या गावचा प्रश्न विधानसभेत कसा पोचवायचा?

आमदाराला लेखी द्या, आणि नेमकं द्या. ‘रस्ता खराब आहे’ याचा प्रश्न होत नाही. कोणता रस्ता, कोणत्या योजनेतून मंजूर, कोणत्या तारखेचा कार्यारंभ आदेश, आज कुठे अडलं, हे एका पानावर लिहा. पान तयार असेल तर त्याचा तारांकित प्रश्न व्हायला वेळ लागत नाही. प्रश्नांच्या सूचना अधिवेशनाच्या बऱ्याच आधी स्वीकारल्या जातात, त्यामुळे अधिवेशन सुरू झाल्यावर धावाधाव करून उपयोग नाही, तेव्हा लक्षवेधीचा मार्ग उरतो. तुमचा आमदार सत्ताधारी असेल आणि संकोचत असेल तर शेजारच्या मतदारसंघातला किंवा विरोधी बाकावरचा आमदारही तो प्रश्न विचारू शकतो, नियमाची आडकाठी नाही. विनंती अर्ज समितीकडे आमदारामार्फत अर्ज देण्याची वाटही आहे, ती फार कमी लोक वापरतात.

उत्तर आलं की त्याची प्रत मागून घ्या आणि जपून ठेवा. मंत्र्याने सभागृहात ‘मार्चअखेर काम पूर्ण होईल’ असं म्हटलं असेल, तर एप्रिलमध्ये ते पान घेऊन पुन्हा आमदाराकडे जा.